दोन्ही शेळ्यांची विक्री किंमत सारखी, एकीवर 20 टक्के नफा आणि दुसरीवर 20 टक्के तोटा: मुलांना हे कसे समजावून सांगावे?

गणित शिक्षिका, जिंतूर तालुका

सर्वांना नमस्कार. मी परभणी जिल्ह्यातील एका खेड्यात सहावी ते आठवीच्या वर्गांना गणित शिकवते. सहावीत शतमान आणि त्याला लागूनच नफा-तोटा येतो. पुढे आठवीत सूट व कमिशन येईपर्यंत मुलांची सूत्रे तोंडपाठ झालेली असतात. खरेदी किंमत आणि विक्री किंमत या दोन्ही दिलेल्या असल्या, तर माझ्या वर्गातील बहुतेक मुले नफा काढतात, त्याला खरेदी किमतीने भागतात, शंभराने गुणतात आणि उत्तर बरोबर आणतात. अडचण त्याच्या पुढे आहे.

शिष्यवृत्तीच्या सरावासाठी मी आठवीच्या फळ्यावर असे उदाहरण लिहिले: एका पशुपालकाने आठवडी बाजारात दोन उस्मानाबादी शेळ्या प्रत्येकी 9,600 रुपयांना विकल्या. पहिलीवर त्याला शेकडा 20 नफा झाला आणि दुसरीवर शेकडा 20 तोटा झाला, तर एकूण व्यवहारात त्याला नफा झाला की तोटा, आणि तो शेकडा किती? वर्गातून एकमुखाने उत्तर आले की नफाही नाही आणि तोटाही नाही. मी दोन्ही खरेदी किमती काढून दाखवल्या, म्हणजे 8,000 आणि 12,000. त्यांची बेरीज 20,000, हाती आले 19,200, म्हणून 800 रुपये तोटा आणि तो शेकडा 4. आकडेमोड सर्वांनी वहीत उतरवून घेतली, पण एका मुलीने उभे राहून विचारले, "मॅडम, वीस आले आणि वीसच गेले, मग हे चार कुठून आले?" तिचा प्रश्न मला रास्त वाटला. आकडेमोडीने उत्तर सिद्ध होते, पण तिच्या शंकेचे समाधान त्याने होत नाही.

उलट्या उदाहरणांतही असाच अनुभव येतो. एक वस्तू 1,380 रुपयांना विकल्याने शेकडा 15 नफा झाला, तर तिची खरेदी किंमत किती, असे विचारले की निम्मी मुले 1,380 चे 15 टक्के, म्हणजे 207 रुपये काढतात, ते वजा करतात आणि 1,173 असे उत्तर लिहून मोकळी होतात. बाजारात मिळणाऱ्या मार्गदर्शक पुस्तकांत अशा प्रत्येक प्रकारासाठी वेगळे सूत्र दिलेले असते. ती सर्व सूत्रे मुलांकडून पाठ करून घ्यावीत, की सगळ्याच प्रकारांना पुरेल अशी एखादी वाट आहे? अनुभवी मंडळींनी कृपया मार्गदर्शन करावे.

निवृत्त शिक्षक, अंबाजोगाई

ताई, आपण दोन वेगवेगळी उदाहरणे दिली असली, तरी त्यांतील चूक एकच आहे. 1,380 च्या उदाहरणात मुलाने 15 टक्के विक्री किमतीवर घेतले आणि शेळ्यांच्या उदाहरणात त्याने दोन निरनिराळ्या रकमांवरचे 20 टक्के एकमेकांतून वजा केले. दोन्ही ठिकाणी टक्के दिसले, पण ते कोणत्या रकमेचे हे पाहायचे राहून गेले. मी वर्गात एक शिस्त लावली होती: उदाहरणात जेथे जेथे शेकडा हा शब्द येईल, तेथे तेथे "कशावर" हे शब्द पेन्सिलीने वर लिहायचे आणि त्याचे उत्तर लिहिल्याशिवाय पुढे जायचे नाही. प्रारंभी मुले कंटाळतात, कारण साध्या उदाहरणांत प्रत्येक वेळी "खरेदी किमतीवर" हेच लिहावे लागते; पण उलट्या उदाहरणांना हात घातला की याच कंटाळवाण्या सवयीचा उपयोग होतो. शेकडा 15 नफा खरेदी किमतीवर आहे असे लिहिल्यानंतर खरेदी 100 मानली की विक्री 115 होते. 115 भाग म्हणजे 1,380, एक भाग म्हणजे 12, आणि 100 भाग म्हणजे 1,200. येथे साधे त्रैराशिक आहे, वेगळ्या सूत्राची गरजच पडत नाही.

आता आपल्या विद्यार्थिनीच्या शंकेकडे येतो. वही न उघडता तिला एवढेच विचारावे की दोन्ही शेळ्या 9,600 रुपयांनाच गेल्या, तर त्यांपैकी मुळात महाग कोणती होती? जिच्यावर नफा झाला ती 9,600 पेक्षा कमी किमतीत घेतलेली असणार आणि जिच्यावर तोटा झाला ती 9,600 पेक्षा अधिक किमतीत घेतलेली असणार, हे खेड्यातील कोणतेही मूल क्षणात सांगेल. म्हणजे नफ्याचे 20 टक्के स्वस्त शेळीवर मिळाले आणि तोट्याचे 20 टक्के महाग शेळीवर गेले. टक्के सारखे असले, तरी गेलेली रक्कम आलेल्या रकमेहून मोठीच असणार. 8,000 चे 20 टक्के 1,600 होतात आणि 12,000 चे 20 टक्के 2,400 होतात. तिने विचारलेले चार टक्के या दोहोंतील 800 रुपयांच्या फरकात आहेत. विक्री किंमत 9,600 ऐवजी कितीही घेतली, तरी दोहोंची सारखी असेल आणि टक्केही सारखे असतील, तर तोटाच होतो. मात्र खरेदी किमती सारख्या असत्या, उदाहरणार्थ दोन्ही शेळ्या 10,000 रुपयांनाच घेतलेल्या असत्या, तर 2,000 आले आणि 2,000 गेले असते आणि वर्गाने एकमुखाने दिलेले उत्तर बरोबर ठरले असते. ही दोन उदाहरणे फळ्याच्या दोन बाजूंना शेजारी शेजारी लिहून सोडवून घेतलीत, तर फरक मुलांच्या नजरेत भरेल.

दशांश अपूर्णांकांना अडखळणाऱ्या मुलांसाठी मी भागांची रीत वापरत असे. शेकडा 20 नफा म्हणजे 5 भागांवर 1 भाग नफा. खरेदी 5, विक्री 6. शेकडा 20 तोटा म्हणजे 5 भागांवर 1 भाग तोटा. खरेदी 5, विक्री 4. विक्री किमती सारख्या आहेत, म्हणून 6 आणि 4 यांचा लसावि 12 घ्यावा. पहिली शेळी 10 भागांना घेऊन 12 भागांना विकली, दुसरी 15 भागांना घेऊन 12 भागांना विकली. एकूण 25 भाग गेले, 24 भाग आले. पंचविसांत एक तोटा, म्हणजे शेकडा 4. या रीतीत 9,600 या आकड्याला हातही लावावा लागत नाही. तोटा रुपयांत विचारला असेल तरच 12 भाग म्हणजे 9,600, म्हणून एक भाग 800, असे शेवटी म्हणायचे. ज्यांना पावकी, निमकी, सवायकी, दिडकी येत असे, त्या पिढीला या गोष्टी शिकवाव्या लागत नसत, कारण शेकडा 25 नफा म्हणजे सव्वापट आणि शेकडा 50 म्हणजे दीडपट हे त्यांच्या कानांवर लहानपणापासूनच पडलेले असे. ते पाढे शाळेतून गेले, याची हळहळ मला आजही वाटते.

विषय निघालाच आहे, म्हणून आपल्या भागातील एक जुना हिशेब सांगतो. मराठवाडा हैदराबाद संस्थानात असताना येथे निजामाचा हाली सिक्का चालत असे आणि ब्रिटिश हिंदुस्थानातील रुपयाला कळदार म्हणत. 6 कळदार रुपयांना 7 हाली रुपये, असा त्यांचा सरकारी दर होता. आता मुलांना विचारावे की कळदार रुपया हालीपेक्षा शेकडा किती जास्त मोलाचा आणि हाली रुपया कळदारपेक्षा शेकडा किती कमी मोलाचा? पहिल्याचे उत्तर 16 पूर्णांक 2/3 टक्के येते, कारण तेथे 6 वर 1 जास्त आहे. दुसऱ्याचे 14 पूर्णांक 2/7 टक्के येते, कारण तेथे 7 वर 1 कमी आहे. दोन नाणी, एकच दर, तरीही टक्के दोन निघाले. आमच्या घरातील वडीलधाऱ्यांना संस्थानाची हद्द ओलांडून सोलापूरच्या बाजारात जाताना हा हिशेब तोंडी करावा लागे.

स्पर्धा परीक्षेचा विद्यार्थी, नांदेड

गुरुजींची रीत समजण्यासाठी उत्तम आहे, यात शंका नाही. परंतु शिष्यवृत्ती असो वा पुढील भरती परीक्षा, त्यांत पर्यायी प्रश्नांसाठी वेळ अत्यल्प असतो आणि पाच ओळींची मांडणी करणारा उमेदवार मागे पडतो, हेही लक्षात घ्यावे लागेल. विक्री किंमत सारखी आणि टक्के सारखे असतील, तर त्या टक्क्यांच्या वर्गाला शंभराने भागावे. 20 चा वर्ग 400, भागिले 100, म्हणून 4 टक्के तोटा. 10 टक्के असतील तर 1 टक्का आणि 30 टक्के असतील तर 9 टक्के. याहून व्यापक सूत्र हवे असेल, तर दोन्ही टक्क्यांची चिन्हांसह बेरीज करून त्यात त्यांच्या गुणाकाराचा शंभरावा भाग मिळवावा. येथे अधिक 20, उणे 20 आणि उणे 4, म्हणून पुन्हा उणे 4 हेच उत्तर येते. हे एकच सूत्र मी सूट, नफा आणि शेळ्या अशा सर्व प्रकारांना वापरतो आणि माझ्या अभ्यासिकेतही सर्व जण तेच वापरतात. त्यामुळे ताईंनी आठवीपासूनच ते करून घ्यावे, असे मला वाटते.

निवृत्त शिक्षक, अंबाजोगाई

वर्गाचे सूत्र बरोबर आहे आणि ते का बरोबर आहे हे आठवीच्या मुलाला बैजिक राशींनी दाखवताही येते. पण दुसरे, आपण व्यापक म्हणता ते सूत्र शेळ्यांच्या उदाहरणासाठी नाही. ते एकाच वस्तूच्या किमतीत एकामागून एक झालेल्या बदलांचे सूत्र आहे. दुकानदाराने वस्तूची छापील किंमत खरेदीपेक्षा शेकडा 20 वाढवली आणि मग छापील किमतीवर शेकडा 20 सूट दिली, तर 100 चे 120 होतात आणि 120 चे 96 होतात. येथे ते चोख लागू पडते. शेळ्या दोन आहेत आणि त्यांचे बदल एकावर एक होत नाहीत, शेजारी शेजारी होतात. दोन्हीकडे 4 च आले, ते केवळ नफ्याचे आणि तोट्याचे टक्के सारखे असल्यामुळे.

पडताळून पाहायचे असेल तर टक्के बदलून पाहावेत. दोन शेळ्या सारख्याच किमतीला विकल्या, एकीवर शेकडा 20 नफा आणि दुसरीवर शेकडा 10 तोटा. आपल्या सूत्राने 20 उणे 10 उणे 2, म्हणजे 8 टक्के नफा येईल. आता भागांनी करू. पहिलीची खरेदी 5 आणि विक्री 6, दुसरीची खरेदी 10 आणि विक्री 9, लसावि 18. पहिली 15 भागांना घेतली, दुसरी 20 भागांना घेतली, एकूण 35 भाग गेले आणि 36 आले. 35 वर 1, म्हणजे 2 पूर्णांक 6/7 टक्के नफा. आठ कोठे आणि तीनपेक्षाही कमी कोठे? पर्यायांत 8 हा आकडाही दिलेला असतो, कारण प्रश्न काढणाऱ्यालाही हे सूत्र ठाऊक असते. वेळ वाचतो हे मान्य. पण सूत्र कोठे लावू नये हे ज्याला सांगता येते, त्यानेच ते वापरावे आणि आठवीच्या वर्गात ते उदाहरणांच्या शेवटी यावे, आधी नव्हे.

मोंढ्यातील मुनीम, लातूर

मी शिक्षक नाही, आडतीच्या दुकानात हिशेब लिहितो; त्यामुळे सूत्रांच्या वादात पडत नाही. मात्र शाळेतील नफा-तोटा आणि मोंढ्यातील नफा-तोटा यांत जी तफावत दिसते, ती मुलांना आधीच सांगितली तर बरे, असे वाटल्याने लिहीत आहे.

पहिली गोष्ट खर्चाची. समजा, एका व्यापाऱ्याने 20 क्विंटल तूर 7,200 रुपये दराने घेतली, म्हणजे 1,44,000 रुपये झाले. हमाली, तोलाई, बारदाना आणि टेम्पोचे भाडे मिळून आणखी 6,000 लागले. पुढे त्याने ती 8,100 रुपये दराने विकली आणि 1,62,000 हाती आले. जो खर्च विसरतो तो 18,000 नफा धरून शेकडा साडेबारा सांगतो. वास्तविक त्या तुरीची किंमत त्याला 1,50,000 पडलेली आहे, नफा 12,000 आणि तो शेकडा 8. खर्च नफ्यातून वजा केला की अर्धेच काम होते. तो खरेदीतही मिळवावा लागतो, कारण ते पैसेही त्या मालातच अडकलेले असतात. अनेक जण 12,000 ला 1,44,000 ने भागतात आणि 8 पूर्णांक 1/3 टक्के सांगतात.

दुसरी गोष्ट घटीची. जालन्याहून 100 किलो मोसंबी 36 रुपये दराने आणली, त्यांतील 10 किलो सडली आणि उरलेली 46 रुपये दराने विकली, तर दर पाहून 36 वर 10 रुपये नफा धरणारा शेकडा 27 च्या पुढे जाईल. पण गेले 3,600 आणि आले 90 गुणिले 46, म्हणजे 4,140. नफा 540, शेकडा 15. दरांवरून टक्के काढायचे ते जेवढा माल घेतला तेवढाच विकला गेला असेल तेव्हाच. एरवी एकूण गेलेले आणि एकूण आलेले पैसेच पाहावेत.

तिसरी गोष्ट मात्र गुरुजींनी सांगितलेल्या "कशावर" या प्रश्नाशी थेट जोडलेली आहे. किरकोळ दुकानदार "या मालात वीस टक्के सुटतात" असे म्हणतो, तेव्हा तो अनेकदा विक्रीवरचे टक्के सांगत असतो: गल्ल्यात आलेल्या 100 रुपयांतील 20 त्याचे आणि 80 मालाचे. शाळेच्या रीतीने तोच नफा 80 वर 20, म्हणजे शेकडा 25 आहे. दुकानदाराचे चुकत नाही, कारण त्याच्यासमोर दिवसअखेर गल्ला असतो; पण दुकानदाराच्या घरातील मूल वडिलांची रीत परीक्षेत वापरते आणि गुण घालवते. आमच्या मालकांच्या मुलालाही हे सांगावे लागले होते.

गणित शिक्षिका, जिंतूर तालुका

आपणा सर्वांची मी आभारी आहे. "महाग शेळी कोणती?" हा प्रश्न मी वर्गात विचारला आणि पाटीला हात न लावता उत्तर आले. मात्र ज्या मुलीने शंका विचारली होती, तिने लगेच पुढची शंका काढली की शेळ्या तीन असत्या तर? ते उदाहरण मी तिलाच करायला दिले आहे. मुनीमकाकांचे मोसंबीचे उदाहरणही उद्याच्या तासाला घेणार आहे, कारण आमच्या मुलांना सडलेला माल सांगावा लागत नाही.

आता एक प्रकार राहतो, जो भागांच्या रीतीत कसा बसवावा हे मला ठरवता आलेले नाही. 10 वह्यांची खरेदी किंमत ही 8 वह्यांच्या विक्री किमतीएवढी आहे, तर शेकडा नफा किती? येथे रुपयांचा आकडाच नाही, त्यामुळे मुले गोंधळतात आणि 10 मध्ये 2 म्हणून शेकडा 20 लिहितात. तसेच उत्तर अपूर्णांकात आले, तर ते दशांशात लिहू द्यावे का?

निवृत्त शिक्षक, अंबाजोगाई

रुपयांचा आकडा नाही, म्हणून एका वहीची खरेदी किंमत 1 रुपया मानावी. 10 वह्यांची खरेदी 10 रुपये झाली आणि तेवढेच पैसे 8 वह्या विकून आले, असे उदाहरण सांगते. मग पाहायचे एवढेच की विकल्या किती? आठ. त्या आठांना लागले किती? आठ रुपये. आले किती? दहा. 8 वर 2 नफा, म्हणजे शेकडा 25. मुले 10 वर 2 घेतात, कारण 10 हा आकडा उदाहरणात आधी येतो आणि मोठाही असतो. पण 10 वह्या विकल्याच गेलेल्या नाहीत, दहा ही येथे फक्त पैशांची मोजणी आहे. याच्या उलट, 12 वह्यांची खरेदी किंमत 15 वह्यांच्या विक्री किमतीएवढी असेल, तर विकल्या 15, लागले 15 रुपये आणि आले 12. 15 वर 3 तोटा, म्हणजे शेकडा 20. जितक्या वस्तू विकल्या तो आकडा छेदात, ही खूण मुलांना पुरते. खोट्या वजनाचे उदाहरणही याच जातीचे आहे: खरेदी दरानेच विकतो असे सांगून किलोऐवजी 900 ग्रॅम देणाऱ्याला 900 वर 100 नफा होतो. मुले तेथेही शेकडा 10 लिहितात. उत्तर 11 पूर्णांक 1/9 आहे.

अपूर्णांकाबद्दल विचाराल, तर तो पूर्णांकयुक्त अपूर्णांकातच लिहू द्यावा. 2 पूर्णांक 6/7 चे दशांशात रूपांतर केले की ते संपत नाही, मूल मध्येच कोठेतरी थांबते आणि पडताळ्याला रुपये जुळेनासे झाले की बरोबर उत्तरावरच संशय घेते. शेळ्या तीन असल्या, तरी रीत बदलत नाही. तिन्ही विक्रींचा लसावि घ्यायला सांगावे. उदाहरण तयार करताना नफ्या-तोट्याचे टक्के 20, 25 आणि 50 यांतूनच निवडावेत, म्हणजे भाग लहान राहतील.